‘ज्ञानदेव म्हणे’ : पण कोणता ज्ञानदेव?

अहिल्यानगर जिल्ह्यातल्या नेवाशाला एक दगडी खांब उभा आहे. ज्ञानदेवांनी या खांबाला टेकून गीतेवरची टीका सांगितली आणि सच्चिदानंदबाबांनी ती उतरून घेतली, अशी पिढ्यान्‌पिढ्यांची श्रद्धा आहे. माणसे त्याला पैसाचा खांब म्हणतात. दुर्गा भागवतांच्या ‘पैस’ या लेखसंग्रहाचे नाव इथलेच. खांबावर एक लेख कोरलेला आहे आणि त्यात ज्ञानदेवांचा उल्लेख नाही. करवीरेश्वर नावाच्या महादेवापुढचा अखंड दिवा तेवत राहावा म्हणून तेलासाठी केलेल्या दानाची ती नोंद आहे. दगड स्वतः सांगतो ती गोष्ट एक आणि लोकांनी त्या दगडापाशी जपून ठेवलेली गोष्ट दुसरी. दोन्ही खऱ्या असू शकतात, पण एकीच्या पुराव्याने दुसरी सिद्ध होत नाही. ज्ञानदेवांच्या नावावर चालत आलेल्या कवितेचेही काहीसे असेच आहे. अभंगाच्या शेवटच्या चरणात ‘ज्ञानदेव म्हणे’ असे कोरलेले असते आणि ते वाचून कवी कोण हे आपण ठरवून टाकतो. ते नाव नेमके कशाची ग्वाही देते, हा प्रश्न सव्वाशे वर्षांपूर्वी मराठीत उघडपणे विचारला गेला. त्यावर मोठे वादळ उठले आणि शमले. वादळ शमले म्हणजे प्रश्न सुटला असे मात्र नाही, आणि म्हणून तो पुन्हा हाती घ्यावासा वाटतो.

एकोणिसावे शतक सरता सरता ‘सुधारक’ पत्रात ‘भारद्वाज’ या टोपणनावाने लेख आले. लेखक होते शिवराम एकनाथ भारदे. ज्ञानेश्वरी आणि अमृतानुभव लिहिणारे ज्ञानदेव वेगळे आणि विठ्ठलाचे अभंग गाणारे ज्ञानेश्वर वेगळे, असे त्यांचे म्हणणे. पहिले गोदाकाठच्या आपेगावचे, नाथपंथी, शिवाला मानणारे. दुसरे आळंदीचे, पंढरीचे वारकरी. पुढे 1931 मध्ये त्यांचे पुस्तक निघाले, त्याचे नावच ‘ज्ञानदेव व ज्ञानेश्वर’. भारद्यांचा सगळा डोलारा तीन खांबांवर उभा होता: भाषा, पंथ आणि ठिकाण. ज्ञानेश्वरीची भाषा जुनी आणि अवघड, अभंगांची सोपी आणि अलीकडची. ज्ञानेश्वरीत आदिनाथापासूनची नाथपरंपरा आहे, विठ्ठलाचे नाव नाही; अभंगांत पानोपानी विठ्ठल. आणि एकाच नावाच्या माणसाची दोन गावे. वारकऱ्यांना हे सहन होणे शक्यच नव्हते. भिंगारकरबुवांनी उत्तरे दिली, पुढे गुरुदेव रानडे आणि शं. दा. पेंडसे यांच्यासारख्या अभ्यासकांनी एकाच ज्ञानदेवाची बाजू मांडली, आणि ‘दोन ज्ञानेश्वर’ हा पाठ्यपुस्तकातल्या तळटीपेचा विषय होऊन बसला.

असा वाद फक्त आपल्याकडेच झाला असे नाही. अलेक्झांड्रियात ख्रिस्तपूर्व काळात झेनॉन आणि हेलानिकस या पंडितांनी इलियड आणि ओडिसी एकाच होमरची नाहीत असे मांडले. ग्रीक लोक त्यांच्या मताच्या माणसांना ‘वेगळे करणारे’ म्हणत. अरिस्टार्कससारख्या थोर संपादकाने त्यांच्याविरुद्ध लेखणी उचलली. पुढे 1795 मध्ये जर्मन पंडित वोल्फ याने प्रश्नाचे रूपच पालटले. होमर एक की दोन, हे विचारणे सोडून त्याने विचारले की लेखणीशिवाय, तोंडोतोंडी चालत आलेल्या काव्याला ‘एक कर्ता’ हा शब्द कितपत लागू पडतो? आपल्या वादात हे वळण आलेच नाही. भारदे दोन म्हणाले, त्यांचे विरोधक एक म्हणाले, आणि मोजणी तिथेच थांबली. माझे म्हणणे असे की भारद्यांना ज्ञानदेवांच्या नावावरच्या अभंगगाथेत जे खटकले ते खरोखर खटकण्याजोगे आहे, पण त्याचा अर्थ लावताना ते चुकले. ज्ञानेश्वरीमागे एक माणूस आहे, त्याचा काळ आणि मुलूख आपल्याला माहीत आहे. गाथेमागे मात्र दुसरा एखादा ज्ञानेश्वर नसून गाणाऱ्यांच्या अनेक पिढ्या आहेत, आणि त्यांच्यात पहिल्या ज्ञानदेवाचाही आवाज मिसळलेला आहे.

आधी ज्ञानेश्वरीची साक्ष पाहू, कारण ती सर्वांत भक्कम आहे. अठराव्या अध्यायाच्या शेवटी कवी आपला पत्ता देतो. कलियुग, महाराष्ट्राचा मुलूख, गोदावरीचा दक्षिणकाठ, पाच कोसांचे पवित्र क्षेत्र, तिथे नांदणारी महालया आणि न्यायाने राज्य करणारा यादव राजा रामचंद्र. शिवाय गुरुपरंपरा: आदिनाथ, मत्स्येंद्र, गोरक्ष, गहिनी, निवृत्ती, आणि निवृत्तीचा ज्ञानदेव. गंमत अशी की ‘नेवासे’ हे नाव या ओव्यांत येत नाही. ते आपण महालयेवरून ओळखतो. नेवाशाचा मोहिनीराज आणि खंडोबाच्या म्हाळसेचे नेवासे हे माहेर असल्याची लोकश्रुती, या दोन्हींत त्या नावाचा माग लागतो. गाव गोदेच्या दक्षिणेस आहे, प्रवरा गोदावरीला मिळते तो प्रवरासंगम तिथून जवळच. मला हा ताळा पुरेसा वाटतो. शके 1212, म्हणजे इसवी सन 1290, हे वर्ष सांगणारी सुप्रसिद्ध ओवी मात्र जपून घ्यावी लागते. ग्रंथभर कवी स्वतःला ज्ञानदेव म्हणवतो, तिथे एकदम ‘ज्ञानेश्वर’ येते. आणि लेखकाचे नाव ‘सच्चिदानंदबाबा’ असे आदराने येते. स्वतःचे नाव लिहिणारा माणूस त्याला ‘बाबा’ जोडत नाही. ती ओवी तिसऱ्याच कुणी नोंद म्हणून लिहिलेली दिसते. पण ती काढून टाकली तरी काळ हलत नाही. रामचंद्र यादव 1271 मध्ये गादीवर आला आणि 1296 मध्ये अल्लाउद्दीन खिलजी देवगिरीवर चालून आला. सुखाने राज्य करणारा रामचंद्र ज्याच्या डोळ्यांसमोर आहे तो कवी या पंचवीस वर्षांतला. एखाद्या जुन्या मराठी ग्रंथाला याहून चांगला जन्मदाखला क्वचितच मिळतो. अभंगगाथेत असे काही नाही. राजा नाही, शक नाही, लिहून घेणारा नाही. आहे ती फक्त मुद्रा, म्हणजे शेवटच्या चरणातले ‘ज्ञानदेव म्हणे’.

आता भाषा. भारद्यांच्या वाचकांना हाच मुद्दा सर्वांत पटला असणार, कारण तो कानालाच कळतो. ज्ञानेश्वरी वाचताना शब्दार्थ जवळ ठेवावे लागतात. ज्ञानदेवांच्या नावावरचा हरिपाठ आजही गावोगाव मुलांना पाठ असतो. पण भाषेचे वय आणि कवितेचे वय एकच असते, हे गृहीतच तपासायला हवे. त्याची तपासणी खुद्द ज्ञानेश्वरीनेच करून दिली आहे. शके 1506 मध्ये, म्हणजे 1584 साली, एकनाथांनी पैठणला ज्ञानेश्वरीची प्रत शुद्ध केली. का केली, तर मूळचा अतिशुद्ध ग्रंथ पाठांतरांनी बिघडला होता, असे ते शेवटी नोंदवतात. आणि यात आपली ओवी घुसडणारा माणूस अमृताच्या ताटात नरोटी ठेवतो, असा कडक इशाराही देतात. असा इशारा कोणी उगाच देत नाही, ओव्या घुसडल्या जात असल्या पाहिजेत. विचार करा, जो ग्रंथ लिहून ठेवला होता, पोथी म्हणून पुजला जात होता, त्याची तीनशे वर्षांत ही गत झाली. मग जो अभंग पोथीत नव्हता, टाळांच्या ठेक्यावर फडाफडांतून फिरत होता, ज्याला कुणी एकनाथ भेटला नाही, त्याची भाषा दर पिढीला गाणाऱ्याच्या तोंडासारखी होत गेली तर नवल काय? अभंगाची भाषा तो रचला कधी हे सांगत नाही. तो शेवटचा कोणाच्या तोंडातून वहीत उतरला हे सांगते. याच्या उलट उदाहरण महानुभावांचे. त्यांनी आपले ग्रंथ सांकेतिक लिपीत बंद केले, पंथाबाहेर जाऊ दिले नाहीत, आणि म्हणून लीळाचरित्राची मराठी आजही तेराव्या शतकाजवळची वाटते. कुलुपात ठेवलेली भाषा टिकली, गळ्यात ठेवलेली बदलली. भारद्यांचा भाषेचा खांब अशा रीतीने डळमळतो.

पण इथे एक आक्षेप येतो आणि तो मोलाचा आहे. भाषेवरून अभंग नवे ठरत नसतील तर जुनेही ठरत नाहीत. मग वारकऱ्यांची बाजू तरी कशावर उभी राहायची? हे खरे आहे. भारद्यांना उत्तर देणाऱ्यांनी ‘तोंडोतोंडी भाषा बदलते’ हे सांगितले, पण या युक्तिवादाला दुसरी धार आहे हे पुरेसे ओळखले नाही. गाणाऱ्याच्या तोंडात शब्द बदलत असतील तर कडवीही बदलतात, नवी कडवी येतात, आणि अख्खे नवे अभंगही येतात. एकदा ही वाट मोकळी केली की छापील गाथेतल्या सुमारे हजार अभंगांपैकी कोणता अभंग मूळचा, हे नुसत्या श्रद्धेने सांगता येत नाही.

पंथाचा मुद्दा वेगळ्या जातीचा आहे. ज्ञानेश्वरीचा कवी नाथपंथी, तेव्हा तो विठ्ठलभक्त नसणार, या तर्कात शैव आणि वैष्णव ही दोन कुंपणे आधीच घातलेली आहेत. तेराव्या शतकातल्या नेवाशात ती दिसत नाहीत. एकाच गावात करवीरेश्वराचा दिवा आहे आणि महालयेचे क्षेत्र आहे. ज्ञानेश्वरीच्या बाराव्या अध्यायात भक्ताला डोक्यावर घेणाऱ्या देवाची आणि मस्तकी शिव धारण करणाऱ्या विष्णूची प्रतिमा येते. पंढरीच्या मूर्तीच्या मस्तकावर शिवलिंग आहे अशी वारकऱ्यांची पक्की समजूत, आणि अभ्यासकांनी त्या ओव्या याच मूर्तीकडे बोट दाखवतात असे म्हटले आहे. मला यापेक्षाही जड वाटतो तो पंढरपूरचा चौऱ्याऐंशीचा लेख. विठ्ठलमंदिराला दिलेल्या दानांची ही शिळा 1273 ते 1277 या काळातली आणि त्यात राजा रामचंद्राचे नाव आहे. ज्या राजाचे नाव ज्ञानेश्वरीच्या शेवटी आहे तोच पंढरीच्या देवळाच्या दात्यांत आहे. त्या राजाच्या राज्यात, गोदाकाठी बसून मराठीत गीता सांगणाऱ्या माणसाला विठ्ठल परका होता असे मानायला फार जोर लावावा लागतो. हरिपाठ योगयागांना दुय्यम ठरवतो आणि ज्ञानेश्वरीचा सहावा अध्याय कुंडलिनीचे इतके तपशीलवार वर्णन करतो, ही विसंगतीही पुढे केली जाते. पण नववा अध्याय नामसंकीर्तनाने भरून वाहतो, आणि बारावा अव्यक्ताच्या उपासकांचे कष्ट सांगून भक्तीचा रस्ता सोपा म्हणतो. सहावा अध्याय ज्याने लिहिला त्यानेच बारावा लिहिला, हे भारद्यांनाही मान्यच होते.

तरीही एक काटा राहतो आणि तो लपवणे बरे नाही. ज्ञानेश्वरीत विठ्ठलाचे नाव नाही, याला ‘ती गीतेची टीका आहे, तिथे कृष्ण बोलतो’ असे उत्तर देता येते. कवी तिथे आळंदीचे नाव घेत नाही, सोपान-मुक्ताबाईंचेही घेत नाही. न बोललेल्या गोष्टींवरून फार काही ठरत नाही. पण अमृतानुभव ही कशाचीच टीका नाही. सुमारे आठशे ओव्यांचा तो स्वतंत्र ग्रंथ आहे, कवीला हवे ते बोलायची पूर्ण मुभा तिथे होती, आणि तिथे शिव-शक्तीचे अद्वैत आहे, निवृत्तिनाथांचे स्तवन आहे, विठ्ठल नाही. चांगदेव पासष्टीतही नाही. चांगदेवांची समाधी अहिल्यानगर जिल्ह्यातल्याच पुणतांब्याला गोदाकाठी दाखवतात. त्यांना उद्देशून सांगितलेल्या त्या पासष्ट ओव्यांमध्ये सगळा भर पाहणारा आणि पाहिले जाणारे यांच्या ऐक्यावर आहे. तीन ग्रंथ, तिन्हींत एकच मन, एकच गुरू आणि उपमांची एकच जात. आणि तिन्हींत पंढरीचे नाव नाही. यावरून ज्ञानदेव वारकरी नव्हते असे मी म्हणणार नाही. मात्र पंढरीचा जो अखंड घोष गाथेत आहे तो सगळाच्या सगळा त्याच मुखातून निघाला, हे मानणे मला अवघड जाते. भारद्यांच्या कानाने टिपलेले अंतर हेच होते.

ठिकाणाचा तिसरा खांब सर्वांत कच्चा. आपेगाव पैठणपासून जवळच आहे. ज्ञानेश्वरी शुद्ध करणारे एकनाथ पैठणचे. आपेगावचे ज्ञानदेव हेच ज्ञानेश्वरीकार आणि आळंदीची समाधी दुसऱ्याच कुणा ज्ञानेश्वराची, असे असते तर आपल्या शेजारच्या गावातली ही आठवण एकनाथांना माहीत असायला हवी होती. त्यांनी मात्र ज्ञानेश्वरीकाराचा शोध आळंदीला घेतला. समाधीला वेढलेल्या अजानवृक्षाच्या मुळीची आणि स्वप्नातल्या आज्ञेची कथा श्रद्धेच्या भागात ठेवू. पण सोळाव्या शतकात, ज्ञानेश्वरीच्या पोथ्या सर्वांत बारकाईने हाताळणाऱ्या माणसाच्या मनात नेवाशाचा कवी आणि आळंदीचा समाधिस्थ एकच होता, ही इतिहासाची गोष्ट आहे. यावर ‘तीनशे वर्षांनंतरची साक्ष ती’ असे म्हणता येईल. मान्य. जवळची साक्ष म्हणून नामदेवांकडे जावे तर तिथे वेगळीच अडचण उभी राहते. ज्ञानदेवांचा जन्म, पैठणचा प्रसंग, तीर्थयात्रा आणि 1296 मधली समाधी हे सारे नामदेवांच्या अभंगांतून आपल्याला कळते. पण ‘नामा म्हणे’ ही मुद्रा वापरणारेही एकटे शिंपी नामदेव नाहीत. सोळाव्या शतकातला विष्णुदास नामा तर प्रसिद्धच आहे, आणि त्याची रचना जुन्या नामदेवांच्या गाथेत मिसळली आहे. म्हणजे एका गाथेचा कर्ता ठरवायला दुसऱ्या गाथेची साक्ष काढावी, तर तिच्या कर्त्याचाच प्रश्न पुढे येतो. इथे येऊन जाणवते की एक की दोन ही मोजणीच अपुरी आहे.

कारण मुद्रा म्हणजे सही नाही. आज आपण लेखाखाली नाव लिहितो ते मालकी सांगायला. संतकवितेत नाव वेगळ्या कामाला येते. एकनाथ आपल्या नावाला गुरूचे नाव जोडून ‘एका जनार्दनीं’ म्हणतात. तिथे लिहिणारा एक, नावे दोन. जनाबाई स्वतःला नामयाची दासी म्हणते. ज्ञानदेवांच्या गाथेत तर दोन मुद्रा आहेत, एक ‘ज्ञानदेव’ची आणि दुसरी ‘बापरखुमादेवीवरु’ची, जिच्यात कवीचे नावच नाही, देवाचेच आहे. मुद्रा अभंग कोणाच्या परंपरेत आहे, कोणाच्या पायाशी ठेवला आहे हे सांगते. परक्याच्या अभंगावर आपले नाव घालणारे लोक होते; तुकोबांनी सालोमालोंवर केलेली टीका त्याचीच साक्ष. पण आपला अभंग थोरल्याच्या नावाने गाणारे त्याहून जास्त असावेत, आणि त्यांची तक्रार कुणी केली नाही, कारण त्यात कुणाचे काही चोरले जात नव्हते. कीर्तनात उभा असलेला गायक ‘ज्ञानदेव म्हणे’ म्हणतो तेव्हा तो स्वतःला खोटे नाव देत नाही. तो एका घराण्यातून बोलतो. अशा शे-दोनशे गायकांनी तीन-चार शतकांत घातलेली भर हीच भारद्यांना ‘दुसरा ज्ञानेश्वर’ वाटली. अनेकांचे मिळून झालेले अस्तित्व एका माणसाच्या रूपात पाहण्याची ही चूक समजण्यासारखी आहे. होमरच्या बाबतीतही पंडितांकडून ती झाली.

जर्मन अभ्यासक कॅथरिना कीनले यांनी 1997 मध्ये ज्ञानदेव-गाथेवर काही खंड प्रसिद्ध केले. त्यांनी गाथा एकसंध न मानता हस्तलिखितांच्या आधाराने गीतांचे गट पाडले. योगविषयक गीते, जी ‘लाखोटा’ म्हणून बंद राखली गेली, त्यांचा एक गट; वैष्णव भक्तीची गीते दुसरा. एका खंडाच्या नावातच या गीतांना त्यांनी ‘निनावी’ म्हटले आहे. हरिपाठाचा फ्रेंच अनुवाद करणाऱ्या शार्लोट वोदविल यांनी 1969 मध्ये त्या छोट्या अभंगमालेकडे एक स्वतंत्र रचना म्हणून पाहिले होते. या दोन्ही कामांतून एक धडा घेता येतो: प्रश्न गाथेला विचारायचा नाही, एकेका अभंगसमूहाला विचारायचा. विरहिण्या वेगळ्या, गौळणी वेगळ्या, योगाची पदे वेगळी, हरिपाठ वेगळा. सगळ्यांचे उत्तर एकच येईल असे मानण्याचे काही कारण नाही.

‘असे केले तर माउलींच्या हातात काय उरणार?’ हा आक्षेप मी गंभीरपणे घेतो, कारण तो नुसत्या भावनेचा नाही. प्रत्येक अभंगावर संशय घ्यायचा तर एकाही अभंगाबद्दल काही म्हणता येणार नाही, आणि तेराव्या शतकातल्या गोड मराठी गाण्याचा एक पुरा काठ आपण हरवून बसू. पण संशयाला मोजमाप असते. थॉमस ट्राउटमन यांनी 1971 मध्ये कौटिलीय अर्थशास्त्राच्या निरनिराळ्या अधिकरणांत ‘च’, ‘वा’, ‘एव’ असे छोटे शब्द किती वेळा येतात ते मोजले, आणि प्रमाण इतके वेगळे आले की सारा ग्रंथ एका हाताचा मानणे कठीण झाले. छोटे शब्दच का? मोठे शब्द, थोर कल्पना, देवांची नावे ही अनुकरणाने घेता येतात. शिष्य गुरूची उपमा उचलतो, मुद्रा उचलतो, जुने रूपही शोभेसाठी उचलतो. ‘बापरखुमादेवीवरु’मधला शेवटचा उकार जुन्या मराठीचा आहे, पण तो सतराव्या शतकातला गायकही सहज उच्चारू शकतो, कारण मुद्रा त्याला पाठ आहे. ‘पैं’, ‘कां’, ‘मा’, ‘तरि’, ‘म्हणौनि’ यांसारखे सांध्याचे शब्द वाक्यात कुठे आणि किती घालायचे, हे मात्र कुणी अनुकरणाने शिकत नाही. ते बोलण्याच्या सवयीत असते. ज्ञानेश्वरी, अमृतानुभव आणि पासष्टी या तीन ग्रंथांतली ही सवय मोजून ठेवली, तर गाथेतला कोणता गट तिच्या जवळ बसतो ते तपासता येईल. अभंगाला छंद आहे, अक्षरे मोजकी आहेत, यमक आहे. जिथे जुना प्रत्यय काढून नवा घातल्यावर छंद मोडतो किंवा यमक सुटते, तिथे गाणाऱ्याला जुने रूप ठेवणे भाग पडले असणार. असे जागोजाग अडकून राहिलेले जुने प्रत्यय म्हणजे कवितेच्या आत राहिलेला काळाचा गाळ.

मात्र ही मोजणी छापील गाथेवर करून चालणार नाही. छापील गाथेत संपादकाने भाषा सोपी केली आहे, पाठ एकत्र केले आहेत, कधी दोन अभंगांचा एक झाला आहे. वि. का. राजवाड्यांनी 1909 मध्ये ज्ञानेश्वरीची एकनाथपूर्व म्हणून एक प्रत छापली आणि तिच्या भाषेवर व्याकरणही लिहिले; ती हस्तलिखित प्रत पुढे इतर अभ्यासकांना तपासायला मिळाली नाही. आजही राजवाडे-प्रतीतल्या एखाद्या जुन्या रूपावर विसंबताना हात थबकतो. इतक्या मोठ्या संशोधकाच्या बाबतीत हे झाले, तर गाथेसाठी सावधगिरी दुप्पट हवी. हवी ती वह्यांची मोजदाद: फडकऱ्यांच्या घरांतली बाडे, मठांतले दप्तर, कीर्तनकारांच्या रुमालात बांधलेली पदांची जंत्री. प्रत्येक वहीत कोणता अभंग आहे, कोणता नाही, मुद्रा कोणती आहे, आणि वही कोणत्या शकात लिहिली, एवढी नोंद झाली तरी अर्धा वाद मिटेल. एखादा अभंग सतराव्या शतकाच्या आधीच्या एकाही वहीत नसेल आणि नंतर एकदम सगळीकडे दिसत असेल, तर त्याच्याबद्दल बोलणे सोपे होईल. एखादा अभंग दूरदूरच्या दोन फडांच्या वह्यांत वेगवेगळ्या पाठांनी, पण सारख्याच जुन्या सांध्याच्या शब्दांनी येत असेल, तर त्याचे मूळ त्या दोन्ही फडांपेक्षा जुने आहे हे मान्य करावे लागेल. आणि तो सांधा ज्ञानेश्वरीच्या सांध्याशी जुळला, तर नेवाशाच्या खांबाजवळ बसलेल्या माणसाचा तो असेल, असे म्हणायला आपल्याला मुद्रेची गरजही पडणार नाही.

भारद्यांनी हा धागा हाती घेतला तेव्हा यांतले फारच थोडे त्यांच्यापुढे होते. त्यांनी कानावर विश्वास ठेवला. त्यांच्या विरोधकांनी परंपरेवर ठेवला. पैठणला एकनाथांनी मात्र पोथ्या जमवल्या, पाठ पाठाशी लावून पाहिले, आणि जे घुसडलेले वाटले ते बाजूला काढले, ज्ञानदेवांवरच्या प्रेमापोटीच. ज्ञानेश्वरीला 1584 मध्ये जे मिळाले ते विरहिण्यांना, गौळणींना, हरिपाठाला अजून मिळायचे आहे, आणि ज्या वह्यांतून ते मिळू शकते त्यांना दर पावसाळ्यात वाळवी लागते आहे.